जे. बी. एच. वाडिया आणि साहसपटाची भाषा

आपल्याकडे बोलपटाच्या इतिहासात भाषेचा विचार होतो तो बहुधा संवाद आणि पदे एवढ्यापुरताच. कोणता बोलपट प्रथम मराठीत निघाला, कोणाचे संवाद नाटकी वळणाचे होते, कोणत्या कवीने पदे रचली, ह्या नोंदी काळजीपूर्वक झालेल्या आहेत. परंतु ज्या चित्रपटांत बोलणे थोडे आणि धावणे फार, त्यांच्याकडे भाषेच्या अभ्यासकाने वळून पाहावे असे कोणास फारसे वाटलेले दिसत नाही. प्रस्तुत लेखकासही ते वाटले नसते. तारापूर-बोईसर भागातील बोलींचे नमुने गोळा करीत असताना एका नव्वदी गाठलेल्या गृहस्थांनी बालपणीच्या आठवणीत तंबूत पाहिलेल्या ‘हंटरवालीच्या खेळा’चा उल्लेख केला. घोडा, चाबूक, मुखवटा, गोऱ्या बाईने पुरुषास डोक्यावर उचलून घेणे, हे सारे त्यांनी हातवारे करून सांगितले. खेळ कोणत्या भाषेत होता, असे सवयीने विचारता ते क्षणभर थांबले आणि म्हणाले, “भाषा कसली? मारामारीच होती.” पुढे मात्र त्यांनी त्या खेळातील म्हणून जे शब्द उच्चारले त्यांत वजीर होता, कैद होती, खजिना होता, दगा होता. ह्या चारही शब्दांसाठी त्यांना कोणतीही दुसरी भाषा शिकावी लागली नव्हती, हे माझ्या ध्यानात परतीच्या वाटेवर आले.

ज्या माणसाच्या कारखान्यातून हा प्रकार निघाला त्याची कारकीर्द ह्या दृष्टीने पाहण्याजोगी आहे.

जमशेद बोमन होमी वाडिया यांचा जन्म १३ सप्टेंबर १९०१ रोजी सुरतेस झाला. घराणे जहाजे बांधणाऱ्यांचे. वाडिया हे आडनावच मुळी जहाज बांधणाऱ्या सुताराचे. ह्या कुळातील लवजी नसरवानजी १७३६ साली सुरतेहून मुंबईस आले आणि तेथील गोदीचे काम त्यांच्या वंशजांनी पुढे कित्येक पिढ्या चालविले. इंग्रजांच्या आरमारासाठी मुंबईत सागवानी लाकडाची जी जहाजे बांधली गेली त्यांपैकी १८१७ सालचे ‘ट्रिंकोमली’ आजही इंग्लंडात जतन करून ठेविलेले आहे. घरात गुजराती, शिक्षणात इंग्रजी, आणि पुढे व्यवसायात उर्दूकडे झुकलेली हिंदुस्थानी, असा जमशेदजींचा भाषिक प्रवास झाला. ते एम. ए., एलएल. बी. होते. ह्या पदव्यांचा उल्लेख केवळ सन्मानार्थ करीत नाही. त्यांच्या पुढील आयुष्यातील एका सततच्या अस्वस्थतेचे कारण ह्या पदव्यांत आहे असे मला वाटते.

त्यांचा पहिला चित्रपट ‘वसंतलीला’ १९२८ सालचा. तो मूकपट होता. मूकपटाच्या युगात भाषेचा प्रश्न निर्मात्यास फारसा छळीत नसे. पडद्यावरील मजकूर दोन, तीन, क्वचित चार भाषांत छापला म्हणजे काम भागे. ज्याला वाचता येई तो मोठ्याने वाची आणि शेजारची रांग ऐके. जमशेदजी आणि त्यांचे धाकटे बंधू होमी (जन्म १९११) हे दोघेही डग्लस फेअरबँक्सच्या साहसपटांचे भक्त. १९२४ सालच्या ‘द थीफ ऑफ बगदाद’ने हिंदुस्थानातील प्रेक्षकांना जे वेड लावले होते ते ह्या बंधूंनाही लागले होते. फेअरबँक्सच्या झोरोचे एतद्देशीय रूप त्यांच्या ‘दिलेर डाकू’मध्ये (१९३१) दिसले, आणि १९३२ साली त्यांनी ‘तूफान मेल’ हा आगगाडीवरील साहसांचा मूकपट काढला.

परंतु तोवर १४ मार्च १९३१ रोजी मुंबईच्या मॅजेस्टिक चित्रगृहात ‘आलमआरा’ लागून गेला होता. पडदा बोलू लागला. मूकपटाचा प्रेक्षक एक होता, बोलपटाने त्याचे भाषावार तुकडे केले. ह्या अडचणीतून निर्मात्यांनी काढलेल्या वाटा भिन्न होत्या. ‘प्रभात’ने १९३२ साली ‘अयोध्येचा राजा’ मराठीत आणि हिंदीत असा दोनदा चित्रित केला. मराठी प्रेक्षकाला त्याची भाषा, हिंदी बाजाराला त्याची. ही वाट खर्चाची होती, परंतु तीमधूनच पुढे ‘संत तुकाराम’सारखी (१९३६) निखळ मराठी कृती संभवली. आपल्या चित्रपट-इतिहासाने ह्याच वाटेचे वर्णन मनापासून केलेले आहे, आणि ते योग्यच आहे. वाडिया बंधूंनी मात्र निराळाच उपाय शोधला, आणि तोही लगेच नव्हे.

१९३३ साली त्यांनी ‘वाडिया मूव्हीटोन’ स्थापन केली. पूर्वजांच्या धंद्याची आठवण म्हणून जहाज हे संस्थेचे बोधचिन्ह ठरले. जागा परळची, घराण्याच्या मालकीचा ‘लवजी कॅसल’ हा वाडा. चोहोबाजूंस कापडगिरण्या आणि त्यांत काम करणारा, बहुसंख्येने कोकण व देश येथून आलेला मराठी कामगार. पहिला बोलपट ‘लाल-ए-यमन’. त्याचे लेखक जोसेफ डेव्हिड हे पारशी रंगभूमीचे जुने नाटककार. ‘आलमआरा’चेही मूळ त्यांच्याच नाटकात होते. त्या बोलपटात गाणारा मुलगा म्हणजे फिरोझ दस्तूर. पुढे सवाई गंधर्वांचे शिष्य आणि किराणा घराण्याचे ज्येष्ठ गायक म्हणून महाराष्ट्राने ज्यांना ओळखले ते हेच. म्हणजे आरंभी वाडियांनीही बोलपटाचा अर्थ इतरांप्रमाणेच घेतला होता: पारशी रंगभूमीची भाषा, गाणे, यमन आणि मिसरचे काल्पनिक दरबार.

येथे चित्रपटांची नावे ओळीने लावून पाहावीत. ‘लाल-ए-यमन’ (१९३३), ‘बाग-ए-मिसर’ (१९३४), ‘नूर-ए-यमन’ (१९३५): ह्या तिन्ही नावांत फारसी षष्ठी आहे. यमनचे माणिक, मिसरची बाग, यमनचे तेज. मराठीने फारसीतून शब्द भरपूर घेतले, पण ‘ए’ जोडून दोन नामे बांधण्याची ही तऱ्हा बोलण्यात घेतली नाही. परळच्या कामगाराला ‘लाल’ कळे, ‘यमन’ हा राग म्हणून कदाचित ठाऊक असे, दोहोंमधला ‘ए’ मात्र त्याच्यासाठी मुका. आता पुढची नावे पाहा: ‘हंटरवाली’ (१९३५), ‘मिस फ्राँटियर मेल’ (१९३६), ‘तुफानी टारझन’ आणि ‘हरिकेन हंसा’ (१९३७), ‘लुटारू ललना’ (१९३८), ‘पंजाब मेल’ (१९३९), ‘डायमंड क्वीन’ (१९४०), ‘बंबईवाली’ (१९४१). फारसी षष्ठी जवळजवळ नाहीशी झाली. तिची जागा इंग्रजी शब्द, -वाली हा प्रत्यय आणि अनुप्रास यांनी घेतली.

एकाच संस्थेच्या नामकरणात दोन-तीन वर्षांत झालेला हा पालट सहज झाला असेल असे मानणे कठीण आहे. ‘हंटर’ हा शब्दच घ्या. इंग्रजीत तो शिकाऱ्याचे नाव. आपल्याकडे मात्र तो चाबकाचे नाव होऊन बसला. शिकारीच्या स्वारीत वापरावयाच्या चाबकाच्या इंग्रजी नावाचा पहिला तुकडा तेवढा उरला असे दिसते. त्याला -वाली जोडली की मराठी, गुजराती, हिंदी ह्या तिन्ही भाषांत एकाच रीतीने समजेल असा शब्द तयार होतो. टांगेवाला, भाजीवाली आपण म्हणतोच. इंग्रजी शब्दाला -वाला जोडून नाव घडविण्याची कला तर वाडियांच्या समाजाच्या अंगवळणीच पडलेली होती. ‘सोडावॉटरवाला’ हे पारशी आडनाव त्याचा प्रसिद्ध पुरावा. ‘लुटारू ललना’ हे नाव आणखी बोलके आहे. हिंदीच्या वळणाने ‘लुटेरी’ यावयास हवे होते. ‘लुटारू’ हा मराठी-गुजरातीचा शब्द. हिंदुस्थानी बोलपटाला हे नाव देणाऱ्याच्या डोळ्यांपुढे लखनौचा प्रेक्षक नव्हता, तापीपासून कोकणापर्यंतचा होता, असे ह्या एका शब्दावरून म्हणावयास हरकत नाही.

‘हंटरवाली’ची हकीकत अनेकांना ठाऊक आहे, येथे आवश्यक तेवढीच सांगतो. नायिका ‘नादिया’ म्हणजे मेरी अ‍ॅन इव्हान्स. जन्म १९०८, ऑस्ट्रेलियातील पर्थ येथे. बाप इंग्रजी फौजेतला. बालपणीच ती मुंबईस आली, पुढे काही काळ वायव्य सरहद्दीकडे राहिली, सर्कशीत आणि नाचाच्या मेळ्यांत तिने काम केले. वाडियांनी तिला प्रथम लहान भूमिकांत आजमावले आणि मग होमींच्या दिग्दर्शनाखाली सबंध चित्रपट तिच्या खांद्यावर दिला. कथा साधी: दुष्ट वजीर राजाला कैद करतो; राजकन्या मुखवटा चढवून, हाती चाबूक घेऊन गरिबांचा कैवार घेते. खर्च सुमारे ८०,००० रुपये झाला. वितरकांना धाडस होईना तेव्हा ग्रँट रोडच्या सुपर चित्रगृहात तो लावण्याची व्यवस्था वाडियांनीच केली. चित्रपट चालला, आणि असा चालला की त्या नावाचे चाबूक, कमरपट्टे, काड्यापेट्या बाजारात आल्याचे नोंदलेले आहे.

ह्या नायिकेची हिंदुस्थानी कच्ची होती. सर्वसाधारण बोलपटात हा दोष निर्णायक ठरला असता. येथे त्याभोवतीच एक प्रकार बांधला गेला. तिच्या तोंडी लांब वाक्ये घालावयाची नाहीत. आज्ञा, धमकी, हाक आणि आरोळी एवढे पुरे. व्याकरणाच्या भाषेत बोलावयाचे तर हा आज्ञार्थाचा आणि संबोधनाचा चित्रपट होय. त्यातील नामांचा साठा बहुतांशी दरबारी फारसीचा: वजीर, सरदार, हुकूम, कैद, खजिना, दगा, खबरदार. हा साठा मराठी प्रेक्षकाला परका नव्हता. बहामनी काळापासून तो आपल्या भाषेत इतका मुरलेला होता की शिवछत्रपतींच्या काळी त्याला संस्कृत पर्याय देण्यासाठी ‘राज्यव्यवहारकोश’ रचावा लागला, आणि तरीही तो हटला नाही. माधवराव पटवर्धनांचा ‘फार्शी-मराठी कोश’ १९२५ सालचा आहे. ‘हंटरवाली’च्या दहाच वर्षे आधीचा. तो चाळला तर साहसपटाच्या शब्दसाठ्याचा बराच भाग मराठी म्हणून त्यात सापडेल. म्हणजे वाडियांनी भाषा टाळली असे म्हणणे पुरेसे नाही. निरनिराळ्या भाषांनी पूर्वीच वाटून घेतलेला जो सामायिक शब्दसाठा होता तेवढ्यावरच त्यांनी आपली इमारत उभारली. तारापूरच्या गृहस्थांना ‘भाषा’ आठवली नाही ती त्यामुळेच.

दुसरा सामायिक साठा रेल्वेचा. ‘फ्राँटियर मेल’ ही गाडी १ सप्टेंबर १९२८ पासून मुंबईहून पेशावरकडे जाऊ लागली, ती बी. बी. सी. आय. रेल्वेच्या ह्याच मार्गाने, म्हणजे विरार, पालघर, बोईसर, डहाणू सोडीत. ‘पंजाब मेल’ दुसऱ्या कंपनीची, इटारसीमार्गे जाणारी. दोन्ही रेल्वेमार्गांवरील प्रेक्षकांचा मान दोन नावांत राखला गेला हा योगायोगही असेल. पण मेल, स्टेशन, सिग्नल, गार्ड, डबा हे शब्द ह्या पट्ट्यातील वारली पाड्यापासून पारशी वाडीपर्यंत सर्वांचे होते. १९९६ साली ह्या गाडीचे नाव ‘गोल्डन टेंपल मेल’ झाले. आमच्या भागातील जुनी माणसे त्यानंतरही तिला ‘फ्राँटियर’च म्हणत.

आता त्या अस्वस्थतेकडे. जमशेदजींना आपल्या यशाचा अभिमान होता आणि संकोचही होता. हा प्रकार सुशिक्षितांत हलका मानला जाई. त्यांनी त्यात विचार घालण्याचा यत्न केला. ‘डायमंड क्वीन’मध्ये साक्षरता आणि स्त्रीस्वातंत्र्य यांचा उघड पुरस्कार आहे. संस्थेने १९३८ सालच्या हरिपुरा काँग्रेसचे चित्रीकरणही केले. मन मात्र ह्या प्रकाराबाहेर धाव घेई. १९३७ साली त्यांनी ‘नौजवान’ हा एकही गाणे नसलेला हिंदी बोलपट काढला. प्रयोग विचारपूर्वक केलेला होता, परंतु प्रेक्षकाने तो स्वीकारला नाही. ह्यात एक विरोधाभास आहे खरा: बोलणे कमी केले तर प्रेक्षक तक्रार करीत नाही, गाणे काढले तर करतो. माझ्या मते ह्याचे उत्तर असे की गाणे हेही बोलण्याबाहेरचेच साधन आहे. शब्द अर्धेमुर्धे कळले तरी चाल पूर्ण कळते. जमशेदजींनी अनावश्यक अलंकार म्हणून जे गाळले ते वस्तुतः भाषांमधील पूल होते.

१९४१ चा ‘राजनर्तकी’ हा त्याहून मोठा प्रयत्न. दिग्दर्शक मधू बोस, नायिका साधना बोस, सोबत पृथ्वीराज कपूर. आणि भाषा तीन: हिंदी, बंगाली व इंग्रजी. इंग्रजी आवृत्तीचे नाव ‘कोर्ट डान्सर’. सहा वर्षांपूर्वी ज्याने भाषेची अडचण बोलणे कमी करून सोडविली होती, त्यानेच आता प्रत्येक भाषेत वेगळे बोलून ती सोडवावयाचे ठरविले. ‘प्रभात’ची वाट त्याने उशिरा धरली, आणि तीही सातासमुद्रापलीकडच्या प्रेक्षकाला गाठण्यासाठी. पदवीधर वाडियांनी साहसपटकार वाडियांवर मिळविलेला हा विजय होता, असे मी म्हणेन. त्याची किंमत मोठी पडली.

ह्याच सुमारास त्यांचे राजकारणही बदलले होते. ते मानवेंद्रनाथ रॉय यांच्या विचारांकडे ओढले गेले. मराठी वाचकाला रॉयवाद तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशी यांच्यामुळे परिचित आहे. मुंबईच्या चित्रपटसृष्टीत त्याचे अनुयायी विरळा. महायुद्धात फॅसिझमविरुद्ध सरकारला साह्य करावे ही रॉय यांची भूमिका जमशेदजींनी पत्करली, आणि १९४० साली स्थापन झालेल्या ‘फिल्म अ‍ॅडव्हायझरी बोर्डा’चे नेतृत्व केले. पडद्यावर परकीय सत्तेविरुद्ध सूचक बंड करणारा निर्माता युद्धप्रचाराच्या मंडळावर बसला, ह्याची संगती लावावयाची तर त्याचा प्रामाणिक फॅसिस्टविरोध लक्षात घ्यावा लागतो. १९८३ साली रॉय यांच्यावर त्यांनी इंग्रजीत एक आठवणींचे पुस्तकही प्रसिद्ध केले.

दोघा बंधूंच्या वाटा १९४२ मध्ये वेगळ्या झाल्या. परळची वास्तू व्ही. शांताराम यांच्याकडे गेली आणि तेथे ‘राजकमल कलामंदिर’ उभे राहिले. ‘प्रभात’मधून बाहेर पडलेल्या मराठी कलावंताने साहसपटाच्या कारखान्यात आपले कलामंदिर थाटावे, ह्यातील गंमत कोणी फारशी टिपलेली नाही. मराठी मनात ती जागा ‘राजकमल’चीच आहे. नऊ वर्षे तेथे काय चालले होते ते आठवणारे आता कोण उरले आहे? होमींनी ‘बसंत पिक्चर्स’ काढले, नादियासह जुनाच प्रकार निष्ठेने चालू ठेविला. ‘हंटरवाली की बेटी’ (१९४३) हे नावच आपला हेतू सांगते. पुढे चेंबूरच्या ‘बसंत’मधून साहसपटांच्या जोडीला पौराणिक आणि तिलस्मी चित्रपट निघाले: ‘हनुमान पाताल विजय’ (१९५१), ‘हातिमताई’ (१९५६), आणि टारझनच्या धर्तीवरील ‘झिंबो’ (१९५८). होमींना पदवी नव्हती आणि संकोचही नव्हता.

त्याच चेंबुरात त्या काळी ‘जागृती’ ह्या नावाने आणखी एक कारखाना चाले. त्याचे मालक भगवान आबाजी पालव (१९१३-२००२), गिरणी कामगाराचे पुत्र, मराठी भाषक, स्वस्त साहसपटांचे निर्माते, दिग्दर्शक आणि नायक. त्यांना आपण ‘अलबेला’च्या (१९५१) नाचासाठी ओळखतो. त्यापूर्वीचे त्यांचे मारामारीचे चित्रपट आपल्या वाङ्मयाने जवळपास विसरून टाकले. वाडिया पारशी म्हणून आपल्या इतिहासाबाहेर राहिले असे कोणी म्हणेल, तर भगवानदादांचे काय? वगळला गेला तो माणूस नव्हे, तो प्रकार. जो चित्रपट शब्दांनी मोठा होत नाही त्याला साहित्याच्या मापाने मोजणाऱ्यांकडे जागाच नसते. आपले चित्रपट-लेखन दीर्घकाळ साहित्यिकांच्या हाती होते, ह्याचा हा परिणाम आहे.

हा प्रकार केवळ आपलाच नव्हे. इस्तंबूलमधील येशिलचाम ह्या गल्लीच्या नावाने जो तुर्की चित्रपट-धंदा ओळखला जातो, त्यात १९६० नंतरच्या दशकात अशीच मुखवटेधारी नायक-खलनायकांची गर्दी झाली. १९६७ सालचा यिल्माझ अतादेनिझ यांचा ‘किलिंक इस्तंबूलदा’ हा इटालियन चित्रकथेतील सांगाडाधारी खलनायकाला इस्तंबुलात आणतो. तेथेही भांडवल थोडे, वेग फार, परकी सामग्री निःसंकोच देशी केलेली. फरक असा की तुर्की निर्मात्यापुढे त्याच्या देशात मुख्यतः एकच भाषा होती. त्यामुळे त्याच्या साहसपटाला बोलण्याचे पथ्य पाळण्याचे कारण नव्हते. परळच्या साहसपटाचे मितभाषण हा शैलीचा प्रश्न नसून बाजाराच्या भाषिक रचनेचा परिणाम होता, हे ह्या तुलनेने अधिक स्पष्ट होते.

जमशेदजी ४ जानेवारी १९८६ रोजी वारले. होमी आणि नादिया यांनी १९६१ मध्ये विवाह केला होता. ‘खिलाडी’ (१९६८) हा तिचा शेवटचा चित्रपट. ती १९९६ च्या जानेवारीत गेली, होमी २००४ च्या डिसेंबरात. तिच्यावरील १९९३ चा अनुबोधपट जमशेदजींचे नातू रियाद यांनी तयार केला आणि तो परदेशी महोत्सवांतून फिरला, त्यानंतर इंग्रजीत ह्या विषयावर गंभीर लेखन होऊ लागले. त्या लेखनात स्त्रीची प्रतिमा, वंश आणि राष्ट्रवाद यांची चर्चा विस्ताराने आहे. शब्दांची नाही. ती करावयाची तर चित्रपटांच्या जाहिराती, गाण्यांच्या चोपड्या आणि त्यांवरील देवनागरी, गुजराती, उर्दू, रोमन लिपींतील नावे एकत्र ठेवून पाहावी लागतील, आणि त्या कामासाठी मराठी व गुजराती दोन्ही येणारा विद्यार्थी हवा. डहाणू-तलासरीकडचे असे विद्यार्थी आमच्या वर्गात दरवर्षी दोन-तीन तरी असतात.